टायरमधील हवा : वाचकांचे प्रश्न आणि उत्तरे

मागील अंकात टायरच्या आयुष्याविषयी लिहिताना 'हवा गाडीवरच्या तक्त्याप्रमाणे आणि टायर थंड असताना भरावी' असे एक वाक्य आम्ही ओघात लिहून गेलो होतो. उरलेल्या सगळ्या लेखावर आली नाहीत तितकी पत्रे या एका वाक्यावर आली. कोणता तक्ता, थंड म्हणजे किती थंड, उन्हाळ्यात काय करावे, नायट्रोजन भरावा का, अशा शंकांनी भरलेल्या या पत्रांतील निवडक प्रश्न येथे घेतले असून मिळतेजुळते प्रश्न एकत्र केले आहेत. उदाहरणांसाठी सर्वत्र 33 पीएसआय (दर चौरस इंचाला पौंड, हवेचा दाब मोजण्याचे एकक) हा आकडा धरला आहे. आपल्या गाडीचा आकडा वेगळा असू शकतो, म्हणून कृपया तो येथून उचलू नये.

प्रश्न : माझ्या टायरच्या बाजूवर कमाल दाब 44 पीएसआय असा आकडा उठवलेला आहे आणि दाराच्या चौकटीवरील स्टिकरवर मात्र 33 छापले आहे. टायरविषयी टायर बनवणाऱ्यालाच अधिक कळणार, असा विचार करून मी आजवर 40 पीएसआय हवा ठेवत आलो. माझे चुकले का?

उत्तर : चुकले, परंतु ही चूक विचार करणाऱ्या माणसाची आहे, म्हणून तिचे उत्तर जरा सविस्तर देतो. टायर बनवणाऱ्याला टायर कळतो हे खरे, पण तो टायर पुढे कोणत्या गाडीला बसणार आहे हे त्याला ठाऊक नसते. एकाच मापाचा टायर एखाद्या हलक्या छोट्या गाडीला बसतो आणि तिच्यापेक्षा दोन-तीनशे किलोंनी जड असलेल्या गाडीलाही बसतो. टायरवरचा 44 हा आकडा म्हणजे 'थंड असताना यापुढे जाऊ नका' अशी मर्यादा आहे, 'इतकी हवा भरा' अशी शिफारस नाही. आपल्या गाडीला किती हवा हवी हे तिचे वजन, पुढच्या आणि मागच्या चाकांवर त्याची होणारी विभागणी, स्प्रिंगांचा कडकपणा आणि ब्रेकची रचना या सर्वांचा विचार करून गाडी बनवणाऱ्याने ठरवलेले असते. तोच आकडा चालकाच्या दाराच्या चौकटीवरील स्टिकरवर (आम्ही म्हटलेला तक्ता तो हाच), काही गाड्यांत इंधनाच्या झाकणाच्या आतल्या बाजूला आणि शिवाय माहितीपुस्तिकेत दिलेला असतो.

गाडीचे वजन टायरचे रबर पेलते असे आपल्याला वाटते, प्रत्यक्षात ते मुख्यतः आतली हवा पेलते. माणसांसह 1200 किलो वजनाची गाडी घेतली, तर प्रत्येक चाकावर साधारण 300 किलो भार येतो. 33 पीएसआय म्हणजे दर चौरस सेंटिमीटरला सुमारे 2.3 किलो. तीनशेला 2.3 ने भागले तर 130 चौरस सेंटिमीटर येतात, म्हणजे जेमतेम पसरलेल्या तळहाताएवढी जागा. बाजूच्या भिंतीही थोडा भार घेतात, त्यामुळे हा हिशेब ढोबळ आहे, पण चित्र खरे आहे : गाडीचे वळणे, थांबणे, निसरड्यावर तग धरणे हे सारे चार तळहातांवर चाललेले असते. आपण 40 पीएसआय हवा भरता तेव्हा हाच तळहात सुमारे 107 चौरस सेंटिमीटरचा होतो. टायर मधोमध फुगतो, कडांवरचा भार कमी होतो, मधली नक्षी लवकर झिजते, गाडी प्रत्येक खाचेची बातमी पाठीच्या कण्यापर्यंत पोहोचवते आणि ताणलेला टायर खड्ड्याच्या धारेवर आपटला तर आतले धागे तुटण्याची शक्यता वाढते. उलट हवा कमी असेल तर मधला भाग सैल पडतो आणि दोन्ही कडा झिजतात. टायर सरळ उभा करून त्याच्या झिजेकडे पाहिले, तर मालकाने गेली दोन वर्षे किती हवा ठेवली हे बऱ्यापैकी सांगता येते.

स्टिकरवर पुढच्या आणि मागच्या चाकांसाठी वेगवेगळे आकडे असतील तर तो छपाईचा दोष समजू नये. ज्या चाकांवर इंजिनाचा भार येतो त्यांना आणि इतरांना लागणारा दाब सारखाच असेल असे नाही. चाकांची अदलाबदल करून घेतल्यावर मात्र हे हटकून विसरले जाते. मागचा टायर पुढे येतो आणि त्यातली हवा मागच्याच हिशेबाची राहते.

प्रश्न : लांबच्या प्रवासात अर्ध्या वाटेवर हवा तपासली तेव्हा सर्व चाकांत 38 पीएसआय दाखवले. हवा भरणाऱ्या मुलाने 'टायर फुटेल' असे म्हणून ती 33 वर आणून ठेवली. दुसऱ्या दिवशी सकाळी पाहतो तर 28 ते 29. हवा कुठे गेली? शिवाय उन्हाळ्यात मुळातच तीन-चार पीएसआय कमी ठेवावी असे सगळेच सांगतात, ते बरोबर आहे का?

उत्तर : हवा त्या मुलाने काढली आणि ती तिथेच गेली. टायर फुटू नये या सद्हेतूने आपल्या टायरांचे नुकसान करण्याची व्यवस्था झाली, असे नाइलाजाने म्हणावे लागते.

थोडे गणित करू. गेजवर, म्हणजे दाब मोजण्याच्या उपकरणावर, दिसणारा दाब हा बाहेरच्या वातावरणापेक्षा किती जास्त, एवढेच सांगतो. त्यात वातावरणाचा सुमारे 14.7 पीएसआय मिळवला तर 33 चे 47.7 होतात. टायरचे आकारमान फारसे बदलत नाही असे धरले, तर हा एकूण दाब तापमानाच्या प्रमाणात वाढतो. मात्र तापमान सेल्सियसमध्ये नव्हे, केल्विनमध्ये (सेल्सियस अधिक 273) मोजावे लागते. सकाळी 25 अंशांना, म्हणजे 298 केल्विनला, आपण हवा भरली आणि प्रवासात टायरमधली हवा 55 अंशांपर्यंत, म्हणजे 328 केल्विनपर्यंत तापली, तर 47.7 चे 52.5 होतात आणि गेजवर 38 च्या जवळ आकडा दिसतो. आपल्याला दिसला तोच. यात बिघडले काहीच नव्हते, कारण स्टिकरवरचे 33 हे थंड टायरसाठी असतात आणि चालताना दाब चार-सहा पीएसआयने वाढणार हे गृहीत धरूनच तो आकडा ठरवलेला असतो. टायरही त्या वाढीव दाबाला पुरून उरेल असाच बनवलेला असतो. आता तापलेल्या टायरमधून हवा काढून 33 केले आणि रात्रीतून टायर पुन्हा 25 अंशांवर आला, की तेच गणित उलटे फिरते आणि गेजवर साडेअठ्ठावीस येतात. तापलेल्या टायरमधून हवा काढू नये, हा नियम एवढ्यासाठीच आहे.

उन्हाळ्यात हवा कमी ठेवण्याचा सल्ला इतका सर्वमान्य आहे की त्याच्या विरुद्ध बोलणारा माणूसच अडाणी ठरतो, तरीही बोलणे भाग आहे. टायर तापतो तो मुख्यतः रस्त्याच्या उन्हामुळे नव्हे, तर प्रत्येक फेऱ्याला दबून पुन्हा सरळ होण्यामुळे. रबर दबताना जी ऊर्जा घेते ती सगळी परत देत नाही, तिच्यातला काही भाग उष्णता होऊन आतच राहतो. ताशी 80 किलोमीटर वेगाने जाणाऱ्या सामान्य कारचे चाक सेकंदाला अकरा-बारा फेरे घेते, म्हणजे टायरचा प्रत्येक भाग सेकंदाला अकरा-बारा वेळा दबतो आणि सुटतो. हवा कमी असली की हे दबणे वाढते, बाजूच्या भिंती अधिक वाकतात, उष्णता अधिक निर्माण होते आणि रबर व आतले थर यांची पकड सैल होऊ लागते. भरधाव गाडीचा टायर फुटण्यामागे जास्त हवेपेक्षा बरेच दिवस कमी राहिलेली हवा, वाढलेला भार आणि वेग ही त्रयी अधिक वेळा असते. म्हणजे उन्हापासून टायरला वाचवण्यासाठी आपण हवा कमी करतो आणि नेमकी त्याच्या आतली भट्टी पेटवतो.

मग ऋतूचा संबंधच नाही का? आहे, पण वेगळ्या प्रकारे. बाहेरचे तापमान दर पाच-सहा अंशांनी बदलले की टायरमधला दाब साधारण एका पीएसआयने बदलतो. थंडीत भरलेली हवा उन्हाळा आल्यावर थंड टायरमध्येही 33 ऐवजी 36 दाखवू शकते. अशा वेळी सकाळी, गाडी चालवण्यापूर्वी, वरचे तीन काढून पुन्हा 33 करावे. थंडी सुरू झाली की तितकेच भरावे लागतात. प्रत्येक ऋतूत आकडा तोच, 33, फक्त तो राखण्यासाठी हवा घालायची की काढायची एवढे बदलते. 'थंड टायर' म्हणजे थंडीच्या दिवसातला टायर नव्हे, तर आजूबाजूच्या हवेइतक्याच तापमानाला आलेला टायर.

प्रश्न : आमच्यापासून हवा भरण्याची जागा सहा-सात किलोमीटरवर आहे. तिथे पोहोचेपर्यंत टायर गरम होतो. मग थंड टायरमध्ये हवा भरायची कशी?

उत्तर : अनेकांची हीच अडचण आहे. सर्वसाधारण नियम असा की गाडी किमान तीन तास उभी असावी किंवा दोन किलोमीटरपेक्षा कमी चाललेली असावी. हे शक्य नसेल तर स्वतःचे गेज घ्यावे आणि निघण्यापूर्वी घरीच चारही चाके मोजून कागदावर तूट लिहून ठेवावी. समजा पुढच्या डाव्या चाकात गेजने 30 दाखवले, म्हणजे तूट तीनची आहे. हवा भरण्याच्या जागी पोहोचल्यावर त्याच गेजने पुन्हा मोजावे. आता तेच चाक कदाचित 32 दाखवेल, तेव्हा ते 33 वर न थांबवता 35 करावे. तूट भरून निघते आणि टायर किती तापला आहे याचा विचारच करावा लागत नाही. घरी मोजणे राहूनच गेले आणि टायर स्पष्टपणे कमी वाटत असेल, तर गरम टायरमध्ये स्टिकरच्या आकड्यापेक्षा चार पीएसआय अधिक भरून निघावे आणि पुढे टायर थंड झाल्यावर पुन्हा पाहावे.

स्वतःच्या गेजचा आग्रह धरण्याचे आणखी एक कारण आहे. हवा भरण्याच्या यंत्राची नळी दिवसभर आपटत असते, तिच्यावरून गाड्या जातात, आणि तिच्या काट्यावर डोळे झाकून विश्वास ठेवावा अशी त्याची परिस्थिती राहत नाही. मी स्वतः एका ठिकाणी बरेच महिने समाधानाने हवा भरत होतो. पुढे नवे गेज घेतले तेव्हा कळले की तिथला आकडा प्रत्यक्षापेक्षा तीनने जास्त दाखवत होता आणि मी मोठ्या काटेकोरपणे दर महिन्याला तीन पीएसआय कमी भरत होतो. साधे, विश्वासार्ह गेज एकच ठेवावे आणि नेहमी त्यानेच मोजावे. त्यात अर्ध्या पीएसआयचा फरक असला तरी चारही चाकांत तो सारखाच राहतो. मोजताना गाडीची एक बाजू उन्हात आणि एक सावलीत नसावी, नाहीतर उन्हातली चाके फुकट दोन-तीन पीएसआय जास्त दाखवतात आणि सावलीतल्या चाकांवर संशय येतो.

एककांचा घोळही अनेकांनी कळवला आहे. एक बार म्हणजे 100 किलोपास्कल आणि म्हणजेच सुमारे 14.5 पीएसआय. स्टिकरवर 230 किलोपास्कल किंवा 2.3 बार लिहिले असेल तर ते 33 पीएसआयच समजावे. 'तेहेतीस पौंड हवा' असे आपण बोलतो तेव्हाही अभिप्रेत असतो तो पीएसआयच.

प्रश्न : माझे वडील टायरला लाथ मारून हवा सांगत असत आणि मी नुसते पाहून सांगते. त्यासाठी यंत्र कशाला?

उत्तर : आपल्या वडिलांचे टायर बहुधा जुन्या रचनेचे असावेत, त्यांत हवा कमी झाली की ती डोळ्यांना दिसत असे. आजचे रेडियल टायर योग्य हवेवरही तळाशी थोडे फुगलेले दिसतात आणि सात-आठ पीएसआय कमी झाले तरी जवळजवळ तसेच दिसतात. डोळ्यांना फरक जाणवेपर्यंत नुकसान सुरू झालेले असते. लाथेने फक्त 'टायर पूर्ण बसलेला नाही' एवढेच कळते.

प्रश्न : टायर बदलताना दुकानदाराने नायट्रोजनचा आग्रह केला. दाब स्थिर राहतो, टायर तापत नाही, वर्षभर पाहावे लागत नाही, असे त्याने सांगितले. यात तथ्य किती?

उत्तर : थोडे आहे. आपण श्वासात घेतो त्या हवेतच 78 टक्के नायट्रोजन आहे, म्हणजे आपण पैसे मोजतो ते मुख्यतः उरलेल्या 21 टक्के ऑक्सिजनला बाहेर ठेवण्याचे. ऑक्सिजन रबरातून नायट्रोजनपेक्षा लवकर झिरपतो, त्यामुळे नायट्रोजनचा दाब हळू उतरतो, हे खरे. कन्झ्युमर रिपोर्ट्स या अमेरिकी नियतकालिकाने 30 पीएसआय भरलेले टायर वर्षभर उघड्यावर ठेवून पाहिले, तेव्हा साध्या हवेच्या टायरांतला दाब सरासरी 3.5 पीएसआयने आणि नायट्रोजनच्या टायरांतला 2.2 पीएसआयने उतरला. फरक आहे, पण तो वर्षाला सव्वा पीएसआयचा आहे. रस्त्यावर धावणाऱ्या गाडीत दाब याहून भरभर उतरतो. साधारणपणे महिन्याला एक ते दोन पीएसआय कमी होणे ही नेहमीची गोष्ट समजली जाते.

'तापत नाही' हे मात्र खरे नाही. तापमानाने दाब वाढण्याचा नियम कोरड्या हवेला आणि नायट्रोजनला व्यवहारात सारखाच लागू होतो. फरक पडतो तो आत गेलेल्या पाण्याच्या अंशामुळे, कारण पाण्याची वाफ होताना दाब अनपेक्षित वाढतो. नायट्रोजन कोरडा असतो हा त्याचा खरा गुण, आणि म्हणूनच विमानांच्या व शर्यतीच्या गाड्यांच्या टायरांत तो भरतात. विमानाच्या चाकात ऑक्सिजन नसणे हे आगीच्या दृष्टीनेही महत्त्वाचे असते. आपल्या कारसाठी तो विनाशुल्क मिळत असेल तर जरूर घ्यावा. पण वाटेत हवा कमी वाटली आणि नायट्रोजन मिळाला नाही तर साधी हवा भरण्यास कचरू नये, दोन्ही एकत्र आल्याने काहीही होत नाही. नायट्रोजन आहे म्हणून सहा महिने टायर तपासलाच नाही, असे सांगणारी चार पत्रे याच ढिगात आहेत आणि खरा तोटा तिथे होतो.

प्रश्न : पावसात पकड वाढावी म्हणून हवा थोडी कमी करतात, ते योग्य आहे का?

उत्तर : नाही, आणि येथे अंदाज नेमका उलटा पडतो. वाळूत किंवा चिखलात रुतलेली गाडी काढताना हवा कमी करण्याचा उपयोग होतो, कारण तिथे टायर पसरायला हवा असतो. ओल्या डांबरी रस्त्यावर मात्र टायरला पाणी बाजूला सारून खाली पोहोचायचे असते आणि त्यासाठी दाब लागतो. 1960 च्या दशकात नासाचे संशोधक वॉल्टर हॉर्न यांनी विमानांच्या टायरांवर प्रयोग करून एक सूत्र मांडले : टायर पाण्यावर तरंगू लागण्याचा वेग दाबाच्या वर्गमुळाच्या प्रमाणात असतो. त्या सूत्रात 33 पीएसआय घातले तर ताशी सुमारे 96 किलोमीटर येतात आणि 24 पीएसआय घातले तर सुमारे 82. कारच्या टायरांत नक्षीची खोली, टायरची रुंदी आणि पाण्याचा थर यांनुसार हे आकडे बरेच बदलतात, म्हणून ते पाठ करू नयेत. पण हवा कमी केल्याने गाडी आधी, म्हणजे कमी वेगालाच, तरंगू लागते ही दिशा पक्की आहे. नक्षी 1.6 मिलिमीटरपर्यंत झिजली असेल, म्हणजे खाचांच्या तळाशी असलेली रबराची आडवी खूण पृष्ठभागाबरोबर आली असेल, तर हवेचा कोणताच आकडा मदतीला येत नाही.

प्रश्न : एरवी गाडीत मी एकटाच असतो, पण सुट्टीत पाच माणसे आणि मागे सामान असते. हवा बदलावी का?

उत्तर : स्टिकर नीट पाहावा. बहुतेक गाड्यांत त्यावर दोन रकाने असतात, एक नेहमीच्या वापरासाठी आणि दुसरा पूर्ण भारासाठी, ज्यात विशेषतः मागच्या चाकांचा आकडा मोठा असतो. निघण्याच्या दिवशी सकाळी तो आकडा ठेवावा आणि परतल्यावर पुन्हा नेहमीचा करावा. स्टिकरवर एकच रकाना असेल तर तोच सर्व भारांसाठी आहे असे समजावे, स्वतःच्या मनाने पाच-सहा वाढवू नयेत.

याच पत्रलेखकांनी घाट चढून उंचावर गेल्यावर काय होते, असेही विचारले आहे. उंचीवर बाहेरचे वातावरण विरळ होते, त्यामुळे 2000 मीटरवर गेजचा आकडा तीन पीएसआयच्या आसपास वाढायला हवा. पण वर हवाही थंड असते आणि थंडीने दाब उतरतो, त्यामुळे दोन्हींची बरीचशी वजाबाकी होते. मुक्काम मोठा असेल तर सकाळी एकदा मोजावे, एक-दोन दिवसांसाठी काही करू नये.

प्रश्न : माझ्या गाडीत हवा कमी झाल्याची सूचना देणारा दिवा आहे. तो लागत नाही तोवर निश्चिंत राहावे ना?

उत्तर : त्या दिव्याचे काम धोक्याची घंटा वाजवण्याचे आहे, देखभालीचे नव्हे. अमेरिकेत 2007 च्या सप्टेंबरपासून आणि युरोपीय संघात 2014 च्या नोव्हेंबरपासून सर्व नव्या कारना अशी यंत्रणा सक्तीची झाली. अमेरिकी नियमानुसार दाब ठरलेल्या आकड्यापेक्षा 25 टक्क्यांनी उतरला की दिवा लागला पाहिजे. म्हणजे 33 ची हवा पंचविसाच्या खाली जाईपर्यंत दिवा गप्प राहिला तरी यंत्रणा नियमात बसते, आणि 26 पीएसआयवर गाडी महिनोन्महिने चालवणे टायरला मुळीच मानवत नाही.

शिवाय यंत्रणा दोन प्रकारच्या असतात. एकीत प्रत्येक चाकात दाब मोजणारा सेन्सर असतो. त्याची बॅटरी कायमची नसते, साधारण पाच ते दहा वर्षांत संपते. दुसरीत सेन्सर नसतोच. कमी हवेच्या चाकाची त्रिज्या किंचित घटते, ते इतरांपेक्षा थोडे जोरात फिरते, आणि एबीएस (ब्रेक लावताना चाके अडकू न देणाऱ्या) यंत्रणेकडून मिळणाऱ्या वेगांच्या तुलनेवरून संगणक अंदाज बांधतो. चारही चाकांतली हवा हळूहळू आणि सारखीच उतरली तर तुलना करायला फरकच उरत नाही आणि ही दुसरी यंत्रणा फसू शकते. हवा भरल्यावर ही यंत्रणा पूर्ववत करण्याचे बटण दाबायचे असते, तेही चुकीच्या हवेवर दाबले तर ती चूकच तिला प्रमाण वाटू लागते. थंडीत सकाळी दिवा लागून काही किलोमीटरांनी आपोआप विझत असेल, तर दिवा बिघडलेला नाही, हवा सीमेवर आली आहे. दिवा विझला म्हणून आनंद न मानता दुसऱ्या दिवशी सकाळी भरून घ्यावी.

प्रश्न : हवा जास्त ठेवली की इंधन वाचते, हे तरी खरे आहे ना?

उत्तर : कमी हवेने इंधन वाया जाते, हे खरे. अमेरिकेच्या ऊर्जा विभागाच्या माहितीनुसार चारही चाकांतला सरासरी दाब एका पीएसआयने उतरला की इंधनाचा खर्च साधारण 0.2 टक्क्याने वाढतो. मर्यादेपलीकडे हवा भरून मिळणारी बचत याच मापाची, म्हणजे नगण्य, आणि तिच्यासाठी आपण पहिल्या उत्तरातला तळहात आकसून घेतो. गाडी थांबायला लागणारे अंतर वाढवून इंधन वाचवणे मला पटत नाही.

प्रश्न : एकाच चाकातली हवा आठवड्यात पाच-सहा पीएसआय उतरते. खिळा सापडत नाही, पंक्चर नाही असे दुकानातही सांगितले.

उत्तर : बाकीची तीन चाके जागेवर आहेत, म्हणजे हे नैसर्गिक झिरपणे नव्हे, ही गळती आहे. टायरच्या तळव्यात काही सापडले नसेल तर संशय प्रथम वॉल्व्हवर घ्यावा. टोपी काढून वॉल्व्हच्या तोंडावर आणि बुंध्याशी साबणाचे पाणी लावावे, बुडबुडा आला तर उत्तर मिळाले. तोंडाशी येत असेल तर आतली वॉल्व्ह पिन सैल किंवा खराब आहे, ती बदलणे पाच मिनिटांचे काम आहे. बुंध्याशी येत असेल तर वॉल्व्हचे रबर तडकले आहे, त्यासाठी टायर उतरवावा लागतो. म्हणूनच नवे टायर घालताना जुने वॉल्व्ह ठेवू नयेत. दोन्ही ठिकाणी काही नसेल तर टायरची कडा रिमवर बसते ती गोल रेघ तपासावी. खड्ड्यात आपटून रिमला बाक आला असेल किंवा गंज धरून ती जागा खडबडीत झाली असेल, तर हवा तिथून इतकी हळू जाते की चाक पाण्यात पूर्ण बुडवून काही मिनिटे वाट पाहिल्याशिवाय बुडबुडा दिसत नाही. घाईच्या वेळी दुकानात ती वाट कोणी पाहत नाही, असा माझा अनुभव आहे. आपण उभे राहून पाहायला लावावी.

दरम्यान त्या चाकात रोज हवा भरून वेळ मारून नेऊ नये. कमी हवेवर बराच काळ चाललेल्या टायरची बाजूची भिंत आतून रगडली जाते. टायर उतरवल्यावर आत रबराचा काळा भुगा निघाला तर तो टायर पंक्चर काढून पुन्हा वापरण्याजोगा राहिलेला नाही, बाहेरून तो कितीही चांगला दिसो.

वॉल्व्हच्या टोपीविषयी एका वाचकांनी स्वतंत्र कार्ड पाठवले आहे, त्यांना येथेच उत्तर देतो. होय, टोपी हवीच. हवा अडवण्याचे मुख्य काम आतली पिन करते, टोपी धूळ आणि पाणी पिनेपर्यंत जाऊ देत नाही आणि हवेलाही दुसरा अडसर घालते.

प्रश्न : स्टेपनीची हवा किती दिवसांनी तपासावी?

उत्तर : इतर चार चाकांबरोबरच, महिन्यातून एकदा. पूर्ण आकाराची स्टेपनी असेल तर तक्त्यावरचा सर्वांत मोठा आकडा, म्हणजे पूर्ण भाराच्या रकान्यातला, तिच्यात ठेवावा. वेळेला ती कोणत्याही जागी बसवावी लागेल आणि हवा काढणे भरण्यापेक्षा सोपे असते. अरुंद, तात्पुरती स्टेपनी असेल तर तिचा आकडा निराळा असतो, बहुतेक वेळा 60 पीएसआय, आणि तो तिच्याच बाजूवर लिहिलेला असतो. सोबत ताशी 80 किलोमीटरची वेगमर्यादाही लिहिलेली असते. गाडीच्या खाली बसवलेल्या स्टेपनीचा वॉल्व्ह वरच्या बाजूला गेला असेल तर तिथवर हात पोहोचत नाही, म्हणून पुढच्या वेळी ती उतरवाल तेव्हा वॉल्व्ह हाताशी येईल अशा बेताने परत बसवून घ्यावी. घरचे गेज 50 पर्यंतच मोजत असेल तर 60 ची स्टेपनी त्याने तपासता येणार नाही, हे गेज विकत घेतानाच पाहून घ्यावे.